पहिल्या बक्षिसाचं भाषण

हिंदी मुलखातल्या फ्रीगंजच्या मराठी मंडळात गणेशोत्सवातल्या वादस्पर्धेला बाजू चिठ्ठीनं ठरते. जयूला चिठ्ठी आली, 'गर्भपात हा स्त्रीचाच निर्णय', बाजूनं. जयू बँकेत कारकून, मृण्मयीची आई, आणि चारचौघांत बोलायचं म्हटलं की घशाला कोरड. भाषण लिहून दिलं तिच्या नवऱ्यानं, तुषारनं. टाळीचं वाक्यही त्याचंच: "कायद्याला बाईची सही पुरते, नवऱ्याची लागत नाही!" घड्याळ लावून त्यानं ते तिच्याकडून सात वेळा घोटून घेतलं. हात कुठे उचलायचा, तेसुद्धा.

पहिलं बक्षीस मिळालं. परीक्षक डॉक्टर प्रतिभाताईंनी पाठ थोपटली. तुषारनं टावर चौकात सगळ्यांना कचोरी खिलवली.

दिवाळीच्या तोंडावर जयूला दिवस गेले. तांबी असून. मृण्मयीच्या वेळी ती मरता मरता वाचली होती. पुन्हा त्या वाटेला जायचं नाही, हे तिचं पक्कं होतं.

"देवाचं देणं आहे. राहू दे," तुषार म्हणाला.

"अरे, भाषण तूच लिहिलंस ना?"

"ते मंडळासाठी होतं, यार. घरात कोण परीक्षक बसलाय?"

दवाखान्यात सही लागली तर देणार नाही, हेही त्यानं सांगून टाकलं.

जयू एकटीच माधव नगरला प्रतिभाताईंच्या दवाखान्यात गेली. काउंटरवरच्या मीनानं फॉर्म पुढे सरकवला. "इथे मिस्टरांचे साइन, भाभी. आधारची झेरॉक्स पण."

आत प्रतिभाताई कौतुकानं हसल्या. "अगं, तुझं भाषण अजून कानात आहे! काय मुद्देसूद! पण आमची इथली पद्धत आहे ना. उद्या मिस्टरांनी येऊन तमाशा केला तर?"

जयूनं तो फॉर्म टेबलावर ठेवला. भाषणातल्यासारखा हात उचलला नाही.

"मग एवढंच लिहून द्या, ताई. तुमच्या लेटरहेडवर. नवऱ्याच्या सहीशिवाय आम्ही करत नाही. खाली तुमची सही."

प्रतिभाताईंनी पेन उघडलं. कागदावर टेकवलं. मग टोपण लावलं.

"परवा सकाळी ये. उपाशीपोटी." आणि बाहेर हाक मारली, "मीना, तो फॉर्म बदल गं."

ठरल्या सकाळी जयू गेली. दुपारी रिक्षानं घरी आली. तुषारनं तीन दिवस अबोला धरला. चौथ्या दिवशी न राहवून विचारलं, "लेटरहेडचं तुला कुणी शिकवलं?"

"भाषणात नव्हतं ते," जयू म्हणाली.

यंदा स्पर्धेचा विषय आहे 'भरडधान्यांचं महत्त्व'. मागचाच विषय पुन्हा ठेवा ना, या वेळी भाषण माझं मी लिहीन, असं जयूनं सुचवून पाहिलं. मंडळाचे सचिव तात्या चकित झाले.

"तो वाला तर हो चुका, बेटा. त्याचं बक्षीस पण देऊन टाकलं."