पुसलेली हाळी

बिघडलेली वस्तू रेडिओ-मेकॅनिकच्या हाती दिली की सुधारते, असा गल्लीभर लौकिक होता. त्याच्या हातून काय बिघडलं होतं, ते मात्र त्याचं त्यालाच ठाऊक.

जंगलातलं त्याचं गाव उठलं आणि बत्तीस घरं शहरभर पांगली. त्या गावात प्रत्येक घराची हाळी वेगळी असे. सरपणाला गेलेलं माणूस दाट झाडीत दिसायचं नाही; मग दारातून कुणीतरी लांब सूर काढायचं आणि ज्याचं त्याला बरोबर कळायचं. साऱ्या हाळ्या तोंडपाठ होत्या त्या एकट्या मेकॅनिकच्या आत्याला. तिला दुकानात बसवून, चहा पाजून पाजून त्याने त्या कॅसेटवर घेतल्या. "मेल्या, गिऱ्हाईक पळेल की तुझं," म्हणायची आणि पुन्हा घसा ताणायची. पुढच्याच महिन्यात ती गेली.

आणि या शहाण्याने काय करावं? दुरुस्त केलेला टेप तपासायला हाताला लागली ती कॅसेट घातली, रेकॉर्डचं बटण दाबलं आणि "हॅलो, हॅलो, टेस्टिंग" करत सुटला. चूक लक्षात येईपर्यंत एक हाळी पुसली गेली होती. नेमकी सुतारकाकांच्या घराची.

सुतारकाका गावाकडचे शेजारी. आता समोरच्याच इमारतीत लेकाकडे राहत आणि रोज दुकानाच्या बाकावर येऊन टेकत. "आई द्यायची रे हाळी. ऐकली की ओळखेन, पण गळ्यात येत नाही. एकदा लाव ना ती कॅसेट." आज पट्टाच तुटलाय, उद्या वीज नाही, अशा थापा मेकॅनिक मारत राहिला. शेवटी एक दिवस काका म्हणाले, "अरे, माझे दिवस तरी किती उरलेत?"

तेव्हा तरी खरं सांगावं. पण जीभच रेटेना. "कॅसेट खराब झाली, काका. मला पाठ आहे," म्हणाला आणि मनाला येईल तसा एक लांब सूर काढला.

काकांचे डोळे भरून आले. "हीच," म्हणाले. "अगदी हीच."

मेकॅनिकला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

आता रोज संध्याकाळी समोरच्या गॅलरीतून काकांची नात तीच हाळी देते. काकांनीच शिकवली तिला. काका "आलो गं" म्हणत बाकावरून उठतात, आणि मेकॅनिक मान खाली घालून कुणाच्या तरी रेडिओचे घट्ट बसवलेले स्क्रू पुन्हा सोडवायला घेतो.