घोंगडीवाला बाप
“नोंदवहीत नाव न्हाई, तर लेकरू मिळायचं न्हाई!” मी अशी ओरडत होते, की तिकडं सिद्धेश्वर धरणावरचे बगळे उडाले असतील. आमच्या हिंगोलीतल्या पाळणाघराच्या फाटकाबाहेर घोंगडी पांघरलेला एक मेंढपाळ उभा होता. “बाई, पोरगी माझीच हाय. दिवाळीपासून मेंढरामागं होतो,” तो म्हणाला. पण ‘लेकराला कोण नेणार’ या रकान्यात फक्त आईचं नाव होतं, आणि माझी नोंदवही तेव्हा मला कलेक्टरच्या हुकुमाहून मोठी वाटायची. “असे छप्पन बाप रोज येऊन राहिले,” मी भर रस्त्यात सुनावलं. समोरच्या टपरीवरचे लोक हसले. पोरीसाठी आणलेली बोरांची पुडी धरून तो उन्हात तसाच थांबला. हळदीच्या बाजारातलं काम सुटल्यावर पोरीची आई आली, नवऱ्याला पाहून तिनं डोक्यावर पदर घेतला. मी घाईघाईनं त्याचं नाव लिहिलं, माफी मागितली. त्यानं हात पुढं केले, तर पोरगी आईच्या खांद्यात तोंड खुपसून रडायला लागली. घोंगडीचा वास आला की अजून माझी मान खाली जाते, कारण तो चिडला नाही. एवढंच म्हणाला, “तुमी बराबर केलं, बाई. लेकरू बी वळखत न्हाई.”