टोंकिनच्या काचेवरचा धुरकट शिपाई

फ्रेंच फौजेत छाती तपासताना आणि फोटो काढताना डॉक्टर केर्दोंकफ एकच हुकूम सोडत: श्वास रोखून धरा. व्हिएतनामकडच्या टोंकिनच्या अख्ख्या मोहिमेत त्यांच्या एका हातात औषधांची पेटी, दुसऱ्यात कॅमेरा. पेन्शनीत निघाले तेव्हा फोटोंच्या काचांची खोकी घेऊन फ्रान्सच्या ब्रिटनी प्रांतातल्या आपल्या बंदरगावी परतले आणि धिरडी विकणाऱ्या विधवा अझेनोरबाईंच्या प्रेमात पडले.

पंचाईत अशी, की बाईंना त्याच मोहिमेतून परतलेल्या सार्जंट माहेनंही मागणी घातली होती. बाईंनी दोघांना एकच उत्तर दिलं: शनिवारी डॉक्टर शाळेत काचा दिव्यापुढं धरून पडद्यावर मोहीम दाखवणार आहेत ना, ती बघून ठरवते.

पडद्यावर हत्ती आले, जनरल आले, आचारीही आला. डॉक्टर कुठंच नाहीत. तुम्ही खरंच गेला होतात ना, असं मागून एका कोळणीनं विचारलं. मी कॅमेऱ्यामागं होतो, म्हणाले डॉक्टर. मागंच असणार, असं म्हणत म्हातारे खोकल्यासारखे हसले.

मग किल्ल्याची काच लागली. डावीकडं किल्ला, मध्ये ताठ उभी पलटण, उजव्या कडेला एक धुरकट माणूस. संध्याकाळच्या उजेडात कुणी हललं, की काचेवर त्याचा असा धूर व्हायचा.

माहे खुर्चीवर चढला. "तो मी. सगळे उभे राहिले, एकटा मी किल्ल्यावर धावलो."

टाळ्या पडल्या. डॉक्टरांच्या एका वाक्यात डाव उलटला असता. ते मात्र दिव्याची वात सारखी करत राहिले.

अझेनोरबाई पडद्याला नाक लावून उभ्या राहिल्या. "सार्जंट, किल्ला तर इकडं. तुम्ही तिकडं तोंड करून कुठं निघालात?"

"वळसा घालून."

"दोन्ही हातांनी विजार धरून?"

माहे म्हणाला, डोंगराळ मुलूख, तिथं धरावी लागते.

बाई वळल्या. "डॉक्टरसाहेब, तुम्ही सांगा. काय झालं होतं यांना?"

"नाही सांगता येणार," डॉक्टर घाम पुसत म्हणाले. "ते माझे पेशंट होते."

मग म्हाताऱ्यांपासून हसू सुटलं ते पार पाद्रीबाबांपर्यंत पोचलं. आपण गुपित फोडलं, या धास्तीनं डॉक्टर माहेची माफी मागत सुटले, तसं हसू आणखीच वाढलं.

बाईंनी डॉक्टरांच्या शेजारी खुर्ची ओढली. "आमचे गेलेले मालक घरातलं सगळं धक्क्यावर सांगत. तुम्ही उद्या जेवायला या." मग माहेकडं बघून त्या मायेनं म्हणाल्या, "तुम्हीही या, सार्जंट. तुम्हाला पातळ पेज करते."