क्लाउडला शिक्का द्यायचा की नाही

दसऱ्यानंतरचा सोमवार. कोल्हापुरात घराच्या पुढच्या खोलीत, जिला मी ऑफिस म्हणते, तिथे बसून मी एकच वेबपेज आठव्यांदा उघडलं आणि आठव्यांदा बंद केलं... सरळ सांगते, भीती वाटत होती.

मी गोठेवाले आणि जनावरांचे डॉक्टर यांच्यासाठी एक ॲप चालवते. जनावर आजारी पडलं की शेतकरी बटण दाबतो आणि जवळच्या डॉक्टरांचा फोन वाजतो. एकाच कोडमधून अँड्रॉइड आणि आयफोन, दोन्हींची ॲप तयार होतात. ती तयार करायचं मशीन मात्र एकच होतं आणि पावसाळ्यात त्याने मान टाकली.

नवं घेण्यापेक्षा क्लाउड बरं, असं ठरवलं. म्हणजे आपला कोड एखाद्या कंपनीच्या सर्व्हरवर पाठवायचा आणि त्यांच्या मशीनने ॲप बनवून द्यायचं. तीन कंपन्या शोधल्या. एक झटपट काम करणारी, एकीकडे ॲप बनायला रांगेत थांबावं लागणार, तिसरीच्या अटी वाचतानाच माझा चहा गार झाला... वहीत रकाने आखले. पण शेवटी तिघींची मागणी एकच, तुमची साइनिंग की आमच्याकडे अपलोड करा.

ही की म्हणजे ॲपचा शिक्का. तो असेल तरच फोन अपडेट खरं मानतो. शिक्का ज्याच्या हातात, तो माझ्या नावाने गावोगावच्या फोनमध्ये वाट्टेल ते घुसवू शकतो... आणि तो मी कुठल्या तरी परक्या सर्व्हरवर ठेवायचा? "अभ्यास चालू आहे" म्हणत मी दोन महिने ढकलले.

मी मुळातच भित्री. गॅस बंद केला का ते बघायला एसटी स्टँडवरून परत आलेली बाई आहे मी. हा शिक्का मी एका काळ्या पेनड्राइव्हवर, टेबलाच्या ड्रॉवरमध्ये ठेवला होता. कॉपी काढलीच नव्हती, कारण दोन ठिकाणी ठेवला तर चोरीची भीती दुप्पट... तेव्हा हे मला फार हुशारीचं वाटायचं.

अकरा वाजता आजऱ्याकडच्या डॉक्टरांचा फोन आला. एरवी ते बोलतात तेव्हा फोन कानापासून लांब धरावा लागतो. त्या दिवशी आवाज अगदी खाली होता.

"मॅडम, गाय अडलीती. मालकानं तीनदा बटन दाबलं. मी शेजारच्याच गावात हुतो की... माझा फोन वाजलाच न्हाय."

नव्या फोनवर घंटा वाजत नाही, हे मला माहीत होतं. दुरुस्त केलेला कोड महिनाभर माझ्या लॅपटॉपवर पडून होता... लॅपटॉपला ॲप तयार करणं झेपत नव्हतं, तेवढंच राहिलं होतं. गाय वाचली. वासरू वाचलं नाही.

फोन ठेवला, सणाच्या गडबडीत बंदच राहिलेला ड्रॉवर उघडला... पेनड्राइव्ह नव्हता.

ड्रॉवर पालथा केला, पर्स पालथी केली, टेबलाखाली रांगले. आमचं ॲप जुन्या पद्धतीने टाकलेलं, अँड्रॉइडसाठी त्याला दुसरा शिक्का मिळत नाही. शिक्का गेला म्हणजे प्रत्येक शेतकऱ्याला जुनं ॲप काढून नवं टाकायला लावायचं... आणि तोवर कुणाकुणाची गाय अडणार?

मग आठवलं. खंडेनवमीला आत्यांनी, म्हणजे माझ्या सासूबाईंनी, याच टेबलावर हत्यारांची पूजा मांडली होती. लॅपटॉप, माउस, स्क्रू ड्रायव्हर, वर झेंडूची फुलं... आणि दसऱ्यानंतर निर्माल्याची पिशवी घराबाहेर गेली होती.

आत्या आत भुईमुगाच्या शेंगा फोडत बसल्या होत्या. विचारायचंही धाडस होईना... शेवटी विचारलं.

"ते काळं व्हय? ट्रंकंत हाय की. पुजल्यालं हत्यार असं उघड्यावर टाकत्यात व्हय?"

आत्यांचं माहेर नेसरीकडचं, शेतीवाडीचं. तिकडे त्यांच्या घरी पुजलेले विळे फडक्यात गुंडाळून ट्रंकेत ठेवायचे, ते थेट सुगीला काढायचे. पण माझं हत्यार तेच, हे यांना कसं कळलं? म्हणाल्या, "दिवसातनं धा येळा ड्रॉवर उघडून बघतीस न्हवं."

फडकं सोडलं. पेनड्राइव्हच्या तोंडात हळद गेली होती. लॅपटॉपला लावला... काहीच नाही. पुन्हा लावला... काहीच नाही. मी तिसऱ्यांदा लावणार तोच आत्यांनी तो काढून घेतला, पदराने निगुतीने पुसला आणि परत दिला. या वेळी चालला.

मी तिथेच बसून रडले. त्यांना सगळं सांगितलं, वासराचंही. त्या एवढंच म्हणाल्या, "एकच इळा घिऊन सुगीला कोण जातं गं?"

पहिल्यांदा दोन कॉपी काढल्या. मग वही उघडली आणि बाकी सगळे रकाने सोडून एकच गोष्ट पाहिली... शिक्का कधी वापरला ते मला कोण दाखवतं आणि हवा तेव्हा तो काढून कोण घेऊ देतं? उत्तर निघालं रांगेत थांबवणारी कंपनी. डोळे मिटून अपलोड दाबलं. जेवणं होईपर्यंत दोन्ही ॲप तयार होती.

स्टोअरची मंजुरी बुधवारी आली. गुरुवारी डॉक्टरांचा फोन, आणि या वेळी मला तो कानापासून लांब धरावा लागला. "मॅडम, वाजला!"

भीती गेलेली नाही. शिक्का परक्या सर्व्हरवर आहे हे आठवलं की अजून धडधडतं... पण आता त्याबरोबर ते वासरूही आठवतं. दोन महिने मी शिक्का जपत बसले आणि ज्यांच्यासाठी तो होता, त्यांची घंटा बंद होती.

आत्या, एक कॉपी तुमच्या ट्रंकेतच राहू दे... पुढच्या खंडेनवमीलाही तुम्हीच पुजा.