हसनाबादची कळशी

कलादिग्दर्शनाचं पारितोषिक घेऊन पुण्याला परतले आणि चौथ्या दिवशी गयाबाईंचा फोन आला. हसनाबादला आमचं चित्रीकरण झालं, तेव्हा त्यांनी घरातली पितळी कळशी आम्हाला वापरायला दिली होती.

"ताई, पिच्चर पाह्यला. पर तुमच्या लोकायनी परत आणून देली ती कळशी माझी न्हाई."

म्हणजे टेम्पोत भांड्यांची अदलाबदल! निर्मात्याला फोन लावला, तर तो हसला. "नवी घेऊन दे ना. कळशीच आहे!" लोकांच्या घरातून उचलून आणलेल्या वस्तूंवर यांचे सिनेमे 'अस्सल' ठरतात आणि वर ही भाषा! वीस वर्षं या धंद्यात काढलीत, पण त्या दिवशी डोकंच फिरलं. दुसऱ्याच सकाळी एसटीत बसले.

जायचं असेल त्यांच्यासाठी: पुण्याहून जालन्याला पोचायला जवळजवळ अख्खा दिवस जातो. बायकांना अर्धं तिकीट. मुक्काम जालन्यात करा, स्टँडजवळ साधे लॉज आहेत, फक्त खोली आधी बघून घ्या. सकाळी राजूरची गाडी धरा. राजूरला गणपतीचं दर्शन होतं आणि देवळाबाहेर गरम भजीही मिळतात. चतुर्थीला मात्र जाऊ नका, पाय ठेवायला जागा नसते. पुढे हसनाबादला जायला जीप. ती भरल्याशिवाय हलत नाही. मी पाऊण तास बसले आणि सगळा वेळ मनातल्या मनात निर्मात्याशी भांडत राहिले.

"शुटिंगवाल्या ताई ना तुम्ही?" शेजारच्या आजोबांनी विचारलं. "आमच्या घराला चुना देल्ता, तुमच्या पोरायनी त्याच्यावर चिखल फासला. म्हणे गरीब दिसाया पाह्यजे!"

मी खिडकीबाहेर बघत राहिले. चिखल फासायला मीच सांगितलं होतं.

गयाबाईंनी आधी जेवायला वाढलं. भाकरी, वांग्याची भाजी, ठेचा. मग कळशी पुढ्यात ठेवली. कोणाची कुठे गेली हे शोधायला मी मोबाईलवर आमच्या कामाच्या ग्रुपमधले चित्रीकरणाआधीचे फोटो उघडले. वस्तू घेताना आम्ही प्रत्येक वस्तूचा फोटो घेतो. फोटोतल्या कळशीच्या बुडाला पोचा होता. समोरच्या कळशीलाही, अगदी तिथेच.

"पोचा बराबर हाये," गयाबाई म्हणाल्या. "पर माझं नाव कुठंय?"

फोटोत गळ्याखाली ठिपक्याठिपक्यांनी कोरलं होतं: 'चि. गया हिस आईकडून', आणि लग्नाचं साल. त्या फोटोखाली माझाच निरोप होता: "साल सिनेमाच्या काळाशी जुळत नाही. घासून टाका."

दोन दिवस ज्याच्यावर चिडले होते, त्याचा यात काडीचाही संबंध नव्हता. मला माझीच चीड आली.

"मायला वाचता येत न्हवतं," त्या कळशीवरून बोटं फिरवत म्हणाल्या. "बाजारात कोरणाऱ्यापाशी बसून राह्यली. तिघायकून नाव वाचून घेतलं, मंगच कळशी घरी आणली."

"फोटोवरून हुबेहूब कोरून आणते," मी म्हणाले.

"ते तुम्ही कोरलेलं व्हईल. मायनं कोरून घेतलेलं कसं व्हईल?" मग त्यांनी अगदी सहज विचारलं, "फिरवून काऊन न्हाई ठेवली वो? नाव भिंतीकडं गेलं असतं."

कॅमेऱ्यासाठी रोज शंभर वस्तू फिरवते मी. ही एक फिरवायचं सुचलं नाही. अर्ध्या मिनिटाचंसुद्धा काम नव्हतं.

जालन्यात त्या फोटोची मोठी प्रत काढून घेतली आणि राजूरच्या गाडीने निघालेल्या हसनाबादच्या ओळखीच्या माणसाबरोबर त्यांना पाठवली. गयाबाईंनी ठेवली की नाही, ते विचारायचं धाडस अजून झालेलं नाही.

घरी आल्यावर पारितोषिकाकडे नीट पाहिलं. माझं नाव पितळी पट्टीवर खोल कोरलंय, शंभर वर्षं जायचं नाही. मी ते भिंतीकडे फिरवून ठेवलं. धूळ पुसताना कामाच्या मावशी रोज ते सरळ करून ठेवतात, आणि मी रोज पुन्हा फिरवते.