पडद्यावरचं नाव

नाथाजी आधी तमाशासाठी वग लिहायचा. मग कोल्हापूरच्या स्टुडिओतून बोलावणं आलं. शहरी लेखकांचे संवाद गावाकडच्या बोलीत उतरवायचे, एवढंच काम. त्याच्या वाक्यांना थेटरात शिट्ट्या पडायच्या. पडद्यावर नाव दुसऱ्याचं. वर्षं अशीच गेली.

राहीबाई, त्याची बायको, जतजवळच्या गावात मेंढरं आणि ज्वारी सांभाळून होती. पाण्याच्या टँकरपाशी बायका डिवचायच्या, "राहे, तुजा नवरा शिनेमात करतो तरी काय गं? खुर्च्या पुसतो व्हय?" ती हंडा उचलून चालू लागायची. नवऱ्याचं नाव तोंडानं घ्यायचं नाही, वाचायला येत नाही, सांगणार कसं?

चौऱ्याहत्तर साली पडद्यावर पहिल्यांदा त्याचं नाव आलं. तो सिनेमा जतच्या यात्रेत तंबूत लागला, तेव्हा नाथाजी मुद्दाम गावी आला.

"नाव आलं की मला खुणवा," राहीबाई म्हणाली. "डोळं भरून बगीन."

बायका आणि पुरुष यांच्यामध्ये दोरी बांधलेली असायची. तिला लागूनच दोघं अलीकडे-पलीकडे बसले. पण तंबूवाल्यांची रीत नाथाजी विसरला होता. कर्ण्यावरचं संगीत ऐकून माणसं तिकिटाला धावावीत, म्हणून सुरुवातीची नावं ते दिवस मावळायच्या आतच दाखवून टाकत. उघड्या कनातीतून उजेड आत येत होता. फिक्या पडद्यावर काहीतरी हललं. नावं येऊन गेली. एक अक्षर दिसलं नाही.

"आलं का वो?"

"न्हाई अजून," नाथाजी म्हणाला.

अंधार पडला, चित्रं उजळली. एका वाक्यावर पुढचा म्हातारा मांडीवर थाप मारून ओरडला, "आयला, आमच्या आक्काताईगत बोलतीया की!" सगळा तंबू हसला. राहीबाई हसली नाही. ती अक्षरांची वाट बघत होती. त्यानं लिहिलेलं एकही वाक्य तिच्या कानात शिरत नव्हतं, आणि तो पडद्याकडे नव्हे, तिच्याकडे बघत होता.

शेवटी पडदा काळा झाला. मधोमध पांढरी अक्षरं उभी राहिली: समाप्त.

तिनं दोरीखालून त्याचं मनगट धरलं. "ह्येच न्हवं?"

मागं माणसं घोंगडी झटकत उठत होती.

"व्हय," नाथाजी म्हणाला.

राहीबाईनं पदर सावरून पडद्याला हात जोडले. "लय मोठं लिव्हलंय की वो," ती म्हणाली, आणि अक्षरं विझेपर्यंत जागची हलली नाही.