कवळीवालीचा नाटकवाला

ती दातांच्या कवळ्या बनवायची. दवाखान्यामागच्या अरुंद खोलीत, मेणाच्या आणि प्लास्टरच्या वासात तिचा दिवस जायचा. नवरा विनोदी नाटकं लिहायचा. गल्लीत सगळे त्याला नाटकवालाच म्हणत. तो घरी असला की हसून हसून पोट दुखायचं.

मग तो गप्प गप्प राहू लागला. नवं नाटक अडलं असेल, असं तिला वाटलं. पण तो अंघोळ टाळू लागला, खिडक्यांना कागद चिकटवू लागला. शेजारी आपली वाक्यं चोरतात, असं त्याच्या मनानं घेतलं. लेक घरात पाय न वाजवता चालायला शिकली. सासूबाई म्हणायच्या, "लेखक माणूस, लहरी असायचाच." तीही तशीच मनाची समजूत घालत राहिली.

एकदा लेक शाळेची कविता मोठ्यानं पाठ करत होती. तो धावत आला. "हे कुणी पढवलं तुला?" म्हणत त्यानं पुस्तक हिसकावलं. पोर भिंतीला चिकटून उभी राहिली.

कवळीवालीनं लेकीला जवळ घेतलं आणि त्याच्यासमोर बसली. "कुणी पढवलेलं नाही. तू आजारी आहेस. दाढ दुखली की डॉक्टरकडे पळतोस ना? मग आता का नाही? ऊठ."

"लोक वेडा म्हणतील."

"गल्लीतल्या निम्म्या कवळ्या माझ्या हातच्या आहेत. कोण तोंड उघडतं ते बघतेच मी."

कित्येक दिवसांनी त्याच्या ओठांचा कोपरा हलला. तो उठला.

पुढचं सगळं सुरळीत झालं असं नाही. बरं वाटतंय म्हणून त्यानं डॉक्टरांनी दिलेल्या गोळ्या परस्पर बंद केल्या आणि दुखणं उलटलं. त्या दिवशी ती नळ सोडून मनसोक्त रडली, तोंड धुतलं, पुन्हा त्याला घेऊन निघाली. या खेपेला सासूबाई आधीच चपला घालून दारात उभ्या. "लहरी लहरी म्हणत बसले मी. चला, मीही येते."

हळूहळू खिडक्यांवरचे कागद निघाले. एखादी ओळ, मग पान, मग अख्खं नाटक उभं राहिलं. आपलं काही बिघडलंय हे कबूलच न करणाऱ्या एका लेखकाचं, आणि तेही विनोदी!

पहिल्या प्रयोगाला सभागृह गच्च भरलं. दुसऱ्या अंकात असा हशा पिकला की नट पुढचं वाक्यच विसरला. शेवटी नाटकवाला स्वतः रंगमंचावर आला. "हा लेखक म्हणजे मीच," तो म्हणाला. "गोळ्या अजून चालू आहेत. आणि लिहिणंही."

टाळ्या थांबेनात. कवळीवालीनं जन्मात पहिल्यांदा दोन बोटं तोंडात घालून सणसणीत शिट्टी मारली.

सासूबाई दचकल्या. मग म्हणाल्या, "आणखी एक मार गं!"